गळ्याची आण

जिंतूरच्या तहसील कचेरीत कुणाचं काय अडलं आहे, हे साहेबांच्या आधी सुमंगलाबाईंना कळतं. फाटकातून आत शिरलं की डाव्या हाताला पत्र्याच्या शेडखाली त्यांचं टेबल आहे. टेबलावर संगणक आणि प्रिंटर, टेबलाखाली बॅटरी, खुर्चीवर घरून आणलेली उशी आणि समोर लोकांना बसायला एक लाकडी बाक. या बाकावर एकतीस वर्षांत निम्मा तालुका बसून गेला. नावातली चूक, जन्मतारखेतली चूक, शिक्षणात पडलेला खंड, हरवलेलं रेशनकार्ड, मेलेल्या बापाचे वारस, काहीही असो, शपथपत्र करायचं म्हटलं की लोक सांगतात, बाईकडं जा. शेजारी आणखी चार टेबलं आहेत, त्यांचं काम झटपट होतं, तरीसुद्धा.

सुरुवातीची बारा वर्षं बाईंकडे टाइपरायटर होता. पुढे संगणक आला, पण ते अजून बोटांना कळलेलं नाही. त्या कळा अशा बडवतात की बाकावर टेकलेला माणूस दचकून उठतो. "हिनं आजवर सात कीबोर्डांचं तेरावं घातलं," असं दिनकरराव म्हणतात. दिनकरराव म्हणजे बाईंचे यजमान, जिल्हा परिषदेतून निवृत्त झालेले कारकून. दुपारी एकला ते डबा घेऊन शेडखाली हजर होतात आणि भाजी आपण केली आहे हे सगळ्या कचेरीला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं सांगतात.

बाईंचं काम झटपट होत नाही, याला कारण आहे. त्या शपथपत्र नुसतं टंकत नाहीत. कागद बाहेर आला की आधी स्वतः मोठ्यानं वाचून दाखवतात आणि मग समोरच्याला म्हणायला लावतात. त्यानं आपल्या तोंडानं म्हटल्याशिवाय सही नाही की अंगठा नाही. सरकारनं असा काही नियम केलेला नाही. हा बाईंचा नियम आहे, आणि सरकारी नियमापेक्षा तो जास्त पाळला जातो.

बोलीभाषेत सांगायचं तर लोकांना याचा लय ताप होतो. पण एकदा तात्याराव नावाचे एक बडे शेतकरी आले होते. पांढरेशुभ्र कपडे, बोटात अंगठ्या, मागं दोन माणसं. वडील वारले होते आणि वारसाचं शपथपत्र करायचं होतं. त्यांनी सांगितलं तसं बाईंनी टंकलं, वाचून दाखवलं, आणि म्हणाल्या, "आता तुम्ही म्हणा." तात्याराव म्हणू लागले. 'माझ्याशिवाय मयतास अन्य कोणीही वारस नाही' या ओळीशी आले आणि त्यांना ठसका लागला. पाणी प्यायले, पुन्हा सुरुवात केली, पुन्हा त्याच ओळीला ठसका. तिसऱ्या वेळी ते नुसतेच कागदाकडे बघत राहिले. मग "उद्या येतो" म्हणून उठले, आणि आले ते चौथ्या दिवशी, दोन बहिणींना जीपमध्ये घालून. बाईंनी नवा कागद लावला, तीन नावं टंकली आणि पैसे एकाच कागदाचे घेतले.

"जिभेला सगळं ठाऊक असतं," असं बाई म्हणतात. हे त्यांना त्यांच्या वडिलांनी शिकवलं. बापू पाथरीच्या शाळेत मराठी आणि संस्कृत शिकवायचे. शाळेतली मुलं त्यांना बापू म्हणायची, म्हणून घरातल्या मुलीही बापूच म्हणायच्या. बापूंना शब्दांच्या घरादाराची चौकशी करायची सवय होती. एखादा शब्द दिसला की हा कुणाचा कोण, कुठून आला, वाटेत काय सांडलं, सगळं विचारायचे. मुलगी शपथपत्रं टंकायला बसली तेव्हा त्यांनी तिला बोलावून सांगितलं, "शपथ हा शब्द साधा समजू नकोस. शप् या धातूपासून तो आला, आणि शापही त्यातूनच आला. सख्खी भावंडं आहेत. शपथ घेणारा माणूस स्वतःला आगाऊ शाप देऊन ठेवतो, की मी खोटं बोललो तर माझं वाटोळं होवो. म्हणून कुणाला न वाचता सही करू देऊ नकोस. आपण काय पत्करतोय ते त्याला ऐकू तरी येऊ दे."

बाईंनी ते मनावर घेतलं. आपल्या टेबलावर काय चालतं याची त्यांना पक्की जाण आहे, आणि त्याचा थोडा तोराही आहे. जुनी माणसं अजून शपथपत्राला हलफनामा म्हणतात, निजामाच्या अमलात तोच शब्द होता. नवी पोरं अ‍ॅफिडेव्हिट म्हणतात. कुणी कसम म्हणतं, कुणी देवाशप्पथ. बाई सगळ्यांना एकच विचारतात, "शब्द कुठलाही असू दे, तो तोंडातून काढाल ना?"

तर असं हे टेबल. त्या टेबलासमोर गेल्या वैशाखात, एका मंगळवारी सकाळी, आश्रुबा येऊन बसला.

आश्रुबा येलदरी धरणाच्या अलीकडच्या एका गावचा शेतकरी. वय पन्नाशीच्या पुढं, अंगानं काटक, बोलण्यात सावकाश. हातात प्लॅस्टिकची पिशवी आणि पिशवीत कोरा करकरीत पाचशेचा स्टँप पेपर. शपथपत्र साध्या कागदावरही चालतं, पण लोकांना स्टँपशिवाय शपथ घेतल्यासारखं वाटत नाही, आणि स्टँप विकणाराही त्यांना तसं वाटू देत नाही.

"काय करायचंय?" बाईंनी विचारलं.

"आण रद्द करायचीय," आश्रुबा म्हणाला.

बाईंचे हात कळांवर थांबले. एकतीस वर्षांत हे कुणी मागितलं नव्हतं.

"कसली आण?"

"मायची. मायनं घातलेली. तुमी लिवा की, कडूबाई मयत हिनं एकोणीस वर्सांमागं घातलेली आण आजपासून रद्दबातल समजावी. खाली मी सही करतो."

शेजारच्या टेबलावरचा टंकलेखक फिसकन हसला. बाईंनी त्याच्याकडे एकदा पाहिलं आणि तो पुन्हा आपल्या कामाला लागला.

"नीट सांगा," बाई म्हणाल्या, आणि संगणक बंद करून त्यांनी हात मांडीवर घेतले.

आश्रुबानं सांगितलं ते असं. दोघं भाऊ, थोरला रामप्रसाद आणि धाकटा आश्रुबा. वडील वारले, वाटणी झाली, आणि नदीकडच्या दीड एकराच्या तुकड्यावरून फाटलं. रामप्रसाद म्हणाला, तो तुकडा वडिलांनी मरताना तोंडानं मला दिला. कडूबाई, म्हणजे या दोघांची आई, म्हणाली, खोटं आहे. गावानं सांगितलं, महादेवाच्या देवळात जा आणि बेलभंडार उचलून काय ते बोल. रामप्रसाद गेला. तळहातावर बेलाचं पान आणि हळद घेऊन सगळ्या गावासमोर बोलला, की वडिलांनी दिला. बेल उचलल्यावर कोण काय म्हणणार? तुकडा त्याला मिळाला.

"पर माय तीन दिवस बापाच्या उशाशी बसून व्हती बाई," आश्रुबा म्हणाला. "बापाची जीभ लुळी पडली व्हती. पाणी मागायचं तर बोट दाखवायचा. तोंडानं रान कुठून देईल?"

त्या दिवशी देवळातून घरी आल्यावर कडूबाईनं आश्रुबाचा हात धरला, आपल्या गळ्याला लावला आणि म्हणाली, "यानं खोटा बेल उचलला. याच्या उंबऱ्याला पाय लावलास, याच्या घरचं पाणी प्यालास, तर माह्या गळ्याची आण हाय तुला." पुढं रामप्रसादनं रान विकलं, बोरीला घर बांधलं, पिठाची गिरणी टाकली. आश्रुबानं त्या घराचं दारही पाहिलं नाही. बोरीवरून दिवसाला किती एसट्या जातात, पण हा खिडकीतून दुसऱ्या बाजूला बघायचा. आठ वर्षांमागं कडूबाई गेली. दोन वर्षांमागं रामप्रसादही गेला, गिरणीतच छातीत कळ येऊन. आश्रुबा थेट मसणवट्यात गेला, लाकडं रचू लागला आणि तिथूनच परत फिरला.

"आता त्याच्या लेकीचं लगीन हाय. विजयमाला. परवाच्या दिवशी, बोरीला, घराच्या दारातच मांडव हाय. लेकीला भाऊ न्हाई. कन्यादानाला कोण बसायचं? वैनीनं निरोप धाडला, भावजी, तुमी आन् तुमची घरची पाटावर बसा. म्या म्हणलं, बघतो. तर पोरीनं काल सवताहून फोन केला. म्हणली, काका, तुमी न्हाई आला तर दुसरं कुणी बसवणार न्हाई. पाट मोकळा ठिवीन आन् तसंच लगीन लागंल."

"मग जा की," बाई म्हणाल्या. "आई गेली, भाऊ गेला. आता कुणाची आण?"

"तेच तर भेव हाय," आश्रुबा म्हणाला. "जित्या माणसाची आण मोडली तर ते माणूस मरतं. मेलेल्याची मोडली तर काय व्हतं, ते कुणालाच म्हाईत न्हाई."

सुमंगलाबाई गप्प बसणाऱ्यांतल्या नव्हेत, आणि बापूंची पुंजी त्यांच्या गाठीला होती. त्या पुढं सरकून बसल्या.

"हे बघा आश्रुबा. आण हा शब्द आज्ञेवरून आलाय. आज्ञा म्हणजे हुकूम. माणसांच्या तोंडात झिजत झिजत आज्ञेची आण झाली. शपथ आपण आपल्याला घेतो, आण दुसरा आपल्याला घालतो, कारण हुकूम दुसऱ्याचाच असतो. आता मला सांगा, इथले साहेब बदलून गेले की त्यांचा तोंडी हुकूम राहतो का? नाही राहत. हुकूम करणारा गेला, हुकूम संपला."

बाई स्वतःवर खूश होऊन मागं टेकल्या. बापू असते तर त्यांनी पाठ थोपटली असती. आश्रुबानं सगळं मन लावून ऐकलं, मान डोलावली आणि म्हणाला, "तुमी सांगितलं ते कळलं बाई. पर माह्या मायनं हुकूम सोडला नव्हता. माझा हात तिच्या गळ्याला लावला व्हता. शीर उडत व्हती, ती मला हाताला लागली."

त्यानं आपला उजवा हात टेबलावर उताणा ठेवला. बाईंनी त्या हाताकडे पाहिलं आणि त्यांना आपल्या शहाणपणाची जराशी लाज वाटली. जराशीच, कारण जास्त लाज वाटून घ्यायला वेळ नव्हता. लग्न परवावर आलं होतं.

"बरं. मग तुमच्याकडं आण सुटते कशी, ते सांगा."

"ज्यानं घातली त्यानं 'सुटली' म्हणावं लागतं. ल्हानपणी खेळताना न्हाई का, शप्पत सुटली म्हण म्हणायचो? तसंच. दुसऱ्यानं म्हणून चालत न्हाई."

"अहो, मग तुम्ही सही करून कशी सुटेल?" बाई म्हणाल्या. "ज्याला बांधलंय त्यानंच सोडलं म्हणून लिहून द्यायचं? असा कागद मी तात्यारावांनाही करून दिला नाही. घालणारीचं तोंड पाहिजे."

"ती अंगठा द्यायची," आश्रुबा पुटपुटला.

आता बाईंचं डोकं आपल्या धंद्याच्या वाटेनं चालू लागलं. मयताच्या जागी वारस उभा राहतो. कडूबाईचे वारस दोन. एक तो स्वतः बांधलेला, दुसरा गेला. मग मयताच्या मागं तिच्या पिढीचं कोण?

"आईला भाऊबहीण कुणी आहे का?"

"एक मावशी हाय. धुरपताबाई. पाथरीला असती, लेकाकडं. नव्वदीला टेकलीय."

"मग झालं तर!" बाईंनी टेबलावर थाप मारली. "माय मरो आणि मावशी जगो, हे काय उगीच म्हणतात लोक? आई गेली तर आईच्या जागी मावशी. तिनं 'सुटली' म्हटलं तर चालेल का नाही तुम्हाला?"

आश्रुबानं मांडीवरची पिशवी या हातातून त्या हातात घेतली. शेवटी म्हणाला, "मावशीनं म्हणलं तर चालंल. ती मायच हाय."

"चला मग."

"तुमी?"

"पाथरी माझं माहेर आहे. आणि म्हातारीनं काय म्हटलं ते समोर बसून ऐकल्याशिवाय मी कागद करत नाही." बाईंनी टेबलावर प्लॅस्टिकचं कापड टाकलं, दिनकररावांना फोन करून सांगितलं, की भाजी तुम्हीच खा, आणि पर्स उचलली.

जिंतूरहून सेलूला एसटी मिळाली, सेलूहून पाथरीला जीप. जीपमध्ये बारा माणसं आणि दोन लग्नाचे पाट. आश्रुबा खिडकीशी दबून बसला होता. मावशीकडं जाणं-येणं आहे का, असं बाईंनी विचारलं तेव्हा तो थोडा मोकळा झाला. म्हणाला, दर दिवाळीला मी मावशीला लुगडं घेऊन जातो. माय न्यायची, तिच्यामागं मी नेतो, एकही साल चुकलेलं नाही.

"मावशी अजून ठणठणीत हाय," तो हसत म्हणाला. "फकस्त एक खोड लागलीय. निघायला उठलो की दरसाल हात धरती आन् इचारती, आणिक काही इचारायचंय का रं? म्या म्हणतो, न्हाई मावशी. मंग म्हणती, बरं जा. म्हातारपणी असंच व्हतं."

बाईही हसल्या. कंडक्टरसारखा मागं उभा राहिलेला एक माणूसही हसला.

पाथरीत धुरपताबाईच्या लेकाचं घर बाजारापासून जरा आत होतं. म्हातारी अंगणात कडुनिंबाखाली बाजेवर बसून चिंचा फोडत होती. आश्रुबाला बघून तिनं दगड बाजूला ठेवला. दिवाळी नाही, लुगडं नाही आणि हा आला कसा, असं तिच्या तोंडावर दिसत होतं. सून पाणी घेऊन आली. बाईंनी आपली ओळख सांगितली, बापूंची लेक म्हणून. म्हातारीनं बापूंना ओळखलं. तिच्या लेकाला त्यांनी छडीनं मारलं होतं आणि लेक त्यानं सुधारला होता, असं तिचं मत होतं.

"बोला आता," बाई आश्रुबाला म्हणाल्या. "मी नाही बोलणार. तुम्ही म्हणा."

आश्रुबा बाजेसमोर उकिडवा बसला. त्यानं पिशवीतून स्टँप पेपर काढला, पुन्हा आत ठेवला. घसा खाकरला.

"मावशी, मायनं मला आण घातली व्हती."

"हां."

"दादाच्या उंबऱ्याची. पाण्याची."

"हां, म्हाईत हाय."

"त्याच्या पोरीचं लगीन हाय. मला जायचंय." इथं तो अडखळला. बाईंनी कितीतरी जिभा अडखळताना पाहिल्या होत्या, पण ही खोट्यापायी अडखळत नव्हती. "ती आण सुटंल का? मायच्या जागी तू सोडशील का?"

धुरपताबाईनं दोन्ही हात बाजेवर टेकले.

"मी कशाला सोडू? तुह्या मायनंच सोडली."

आश्रुबाला कळलं नाही. "कवा?"

"मरायच्या चार दिस आधी. मी तुमच्या घरी ऱ्हायले व्हते तवा. तू रानात गेला व्हतास. कडू मला म्हणली, धुरपते, त्यानं खोटा बेल उचलला, ते त्याचं त्याच्यासंगं जाईल. माझा राग इझला. म्या आण सोडली. सुटली, सुटली, सुटली, असं तीनदा म्हणली ती."

"मंग मला कामून न्हाई सांगितलं तिनं?"

"म्या बी तेच इचारलं. ती म्हणली, मी सांगितलं तर ह्यो माह्या शब्दाखातर जाईल, उंबऱ्याला पाय लावंल आन् माघारी येईल. त्याला भाऊ पायजे असंल तर तो सवता इचारंल. इचारलं की सांग. न्हाई इचारलं, तर त्यालाच नगंय म्हणून समज. आन् तवर तोंड उघडलंस तर माह्या गळ्याची आण, म्हणली. मलाबी घातली."

सून पाण्याचा तांब्या हातात घेऊन तशीच उभी होती.

"आठ दिवाळ्या झाल्या लेकरा," म्हातारी म्हणाली. "दरसाल तुह्या हाताला धरून इचारलं, आणिक काही इचारायचंय का? ह्याच्यापरीस जादा मला बोलता येत नव्हतं. रामप्रसाद गेला त्या साली तर दोनदा इचारलं. तू म्हणलास, न्हाई."

आश्रुबानं डोकं बाजेच्या लाकडावर टेकवलं. तो रडला, पन्नाशीचा माणूस अंगणात चारचौघांसमोर रडतो तसा, आवाज दाबत, पण तो दाबून दबत नव्हता. म्हातारीनं त्याच्या डोक्यावर हात ठेवला. तिच्या बोटांना चिंच चिकटलेली होती. सुमंगलाबाईंच्याही डोळ्यांत पाणी आलं. शब्द कुठून आला हे बापूंनी शिकवलं होतं. तो आठ वर्षं एका म्हातारीच्या तोंडात कसा राहिला असेल, हे त्यांना आज कळत होतं. त्यांनी पदरानं डोळे पुसले, आणि कुणी बघितलं का याची फिकीर केली नाही.

थोड्या वेळानं त्या उठल्या. रडण्यालाही एक वेळ असते आणि गाड्यांनाही एक वेळ असते, असा त्यांचा हिशेब.

"आश्रुबा, उठा. परभणीवरून जाऊ. बोरी वाटेतच लागते."

"आज?"

"मग काय, आता आणखी कुणाला विचारायचंय?"

निघताना धुरपताबाईनं सवयीनं त्याचा हात धरला. तोंड उघडलं, आणि काहीच न विचारता हात सोडून दिला.

परभणीच्या स्टँडवर बाईंनी त्याला चहा पाजला. जिंतूरच्या गाडीत बसल्यावर त्यानं पिशवीतला स्टँप पेपर काढला आणि विचारलं, "ह्याचं काय करू बाई? परत घेतील का?"

"नाही घेणार. ठेवा घरात. पुढंमागं नावातली चूक निघाली तर उपयोगी पडेल."

तो पहिल्यांदा थोडा हसला. मग खिडकीबाहेर बघत राहिला. या खेपेला त्यानं मान दुसरीकडं वळवली नाही.

बोरीला उतरले तेव्हा दिवस कलला होता. गिरणी बंद होती, तिच्याशेजारी घर, आणि घरापुढं अर्धा घातलेला मांडव. बायका पापडांची पिंपं आत नेत होत्या, एक माणूस शिडीवर चढून दिव्यांची माळ बांधत होता. आश्रुबा मांडवात शिरला आणि शिडीवरचा माणूस माळ तशीच हातात घेऊन खाली उतरला. सगळ्यांना ठाऊक होतं. गावात असल्या गोष्टी सातबाऱ्यापेक्षा पक्क्या नोंदलेल्या असतात.

उंबऱ्यापासून दोन हातांवर त्यानं चपला काढल्या आणि उभा राहिला. आतून पारूबाई आली, रामप्रसादची बायको. हातात पाण्याचा तांब्या होता. दिराला पाणी द्यावं की देऊ नये, हे न कळून ती दारातच थांबली. तिच्या मागं विजयमाला, हातात मेंदीचा कोन, एक हात रंगलेला.

आश्रुबानं मागं वळून सुमंगलाबाईंकडे बघितलं.

"बाई, तुमच्या टेबलापुढं म्हणायला लावता, तसं म्हणू का?"

"म्हणा," बाई म्हणाल्या.

तो उंबऱ्याकडं तोंड करून ताठ उभा राहिला. आवाज मांडवात सगळ्यांना ऐकू गेला.

"वैनी, एकोणीस वर्सं म्या ह्या घरात आलो न्हाई. लोकास्नी सांगितलं, मायची आण हाय. मायची आण अकरा वर्सांची व्हती. पुढली आठ वर्सं माझी. तवर तिनं सोडली व्हती, म्याच इचारलं न्हाई. हे दादाला सांगायचं व्हतं, ते ऱ्हायलं. म्हणून तुमाला सांगतो. खरं सांगतो."

पारूबाईनं एका हातानं पदर सावरला.

"त्यांनीबी इचारलं न्हाई, भावजी," ती म्हणाली. "लय वाटायचं त्यांना. गिरणीच्या दारात बसून येलदरीच्या गाडीकडं बघायचे. म्या म्हणायचे, जावा की, हाक मारा. तर म्हणायचे, त्याला आण हाय, उगं त्याला कशाला अडचणीत घालू."

तिनं तांब्या पुढं केला. आश्रुबानं आधी उंबऱ्याच्या आत पाय ठेवला, मग तांब्या दोन्ही हातांनी घेतला आणि तिथंच उभा राहून सगळा पिऊन टाकला.

"आणखी आणू काका?" विजयमालानं विचारलं.

"आण पोरी," तो म्हणाला.